जोडकामाला प्रतिष्ठा हवी

२५ डिसेंबर २०१० रोजी दुपारी ४ वाजून ४ मिनिटांनी श्रीहरिकोट्याच्या तळावरून ‘जीएसएलव्ही-एफ०६’ हा अग्निबाण आकाशात झेपावला. उंची ५१ मीटर, वजन ४१८ टन आणि माथ्यावर २,३१० किलोग्रॅम वजनाचा ‘जीसॅट-५पी’ हा दळणवळण उपग्रह, असा तो सरंजाम होता. पहिली सत्तेचाळीस सेकंदे सारे सुरळीत चालले. त्यानंतर मात्र अग्निबाणाचा तोल गेला, तो मार्ग सोडून कलला, त्याची शकले होऊ लागली आणि उड्डाणाला जेमतेम मिनिट उलटते न उलटते तोच सुरक्षा-अधिकाऱ्यांना त्याच्या नाशाची आज्ञा द्यावी लागली. कित्येक वर्षांचे श्रम बंगालच्या उपसागरात विसर्जित झाले.

असे काही घडले म्हणजे संशयाची सुई प्रथम इंजिनाकडे वळते. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये स्वदेशी क्रायोजेनिक इंजिनाचे पहिले उड्डाण फसले होते, त्यामुळे तर ते स्वाभाविकच होते. परंतु या वेळी क्रायोजेनिक इंजिन पेटण्याची वेळच आली नव्हती. इंधन चोख होते, संगणक आज्ञा देत होता, खालची इंजिने त्या आज्ञा पाळण्यास समर्थ होती. तुटले होते ते या दोहोंमधील बोलणे. रशियन बनावटीच्या क्रायोजेनिक टप्प्याच्या तळाशी दहा विद्युत्-जोड, म्हणजे ज्यांना यंत्रशास्त्रात ‘कनेक्टर’ म्हणतात ते, बसवलेले होते. त्यांपैकी काहींमधून माथ्याजवळच्या संगणकाच्या आज्ञा पहिल्या टप्प्याच्या चार जोड-इंजिनांकडे जात होत्या. उड्डाणानंतर २९२ व्या सेकंदाला, आज्ञा मिळाल्यावरच ते सुटावयाचे होते. ते अवेळी निखळले. आज्ञा वाटेतच थांबल्या आणि नियंत्रण सुटलेला अग्निबाण हवेच्या माऱ्याखाली फुटला. पुढील चौकशीत असे निष्पन्न झाले की, त्या टप्प्याचे संरक्षक आवरण उड्डाणातील दाबाने वाकले आणि त्या विकृतीचा ताण जोडांवर आला. म्हणजे जोडांना त्यांच्या जागी स्थिर ठेवणारी बैठकच डळमळली होती.

या घटनेपासून घ्यावयाचा धडा केवळ अवकाशशास्त्रज्ञांसाठी नाही. तो भूमसारख्या तालुक्याच्या गावी शिकवणाऱ्या, कचेरीत काम करणाऱ्या आणि नोकरीच्या चिंतेत असणाऱ्या प्रत्येकासाठी आहे, असे आमचे म्हणणे आहे. आपण इंजिनाचे कौतुक करतो, यंत्राची पूजा करतो, उद्घाटनाच्या दिवशी बटण दाबणाऱ्याचे छायाचित्र छापतो. पण दोन तारा जिथे एकत्र येतात त्या जागेची विचारपूस करण्याची सवय आपल्याला नाही. वालचंदनगरच्या कारखान्यात अग्निबाणांची अजस्र कवचे तयार होतात याचा महाराष्ट्राला अभिमान आहे. घनइंधनाच्या क्षेत्रात डॉ. वसंत गोवारीकरांनी केलेल्या कार्याचाही तितकाच सार्थ अभिमान आहे. परंतु त्याच अग्निबाणातील तारांची टोके ज्यांनी दाबून बसवली त्या हातांची आठवण कोणाला होते? जोडकाम हे आपल्याकडे दुय्यम काम मानले गेले आहे आणि त्याची किंमत आपण आकाशात नव्हे, तर शेतात आणि घरात अधिक मोजत आहोत.

स्पर्श दिसतो तेवढा होत नाही

जोड हा प्रकार दिसतो तितका साधा नाही. धातूचा पृष्ठभाग डोळ्यांना कितीही गुळगुळीत दिसला तरी सूक्ष्मदर्शकाखाली तो बालाघाटच्या डोंगररांगेसारखा उंचसखल असतो. अशा दोन रांगा एकमेकींवर पालथ्या टेकवल्या तर प्रत्यक्ष स्पर्श होईल तो मोजक्या शिखरांपुरता. उरलेल्या सर्व जागी पोकळी राहील. साऱ्या विद्युत्प्रवाहाला त्या चिमुकल्या स्पर्शबिंदूंतून वाट काढावी लागते. स्वीडिश संशोधक राग्नार होल्म यांनी गेल्या शतकात या विषयाचे शास्त्र मांडले, आणि आजही जोडांचा विचार त्यांनी घालून दिलेल्या पायावरच होतो. दाब पुरेसा असेल तर शिखरे चेपली जाऊन स्पर्शबिंदू वाढतात. दाब सैल पडला, मध्ये गंज किंवा धूळ शिरली की ते घटतात आणि तेथील विरोध वाढतो.

हा विरोध वाढला म्हणजे काय होते, याचा हिशेब नववी-दहावीच्या विद्यार्थ्यालाही करता येईल. उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते. साडेसात अश्वशक्तीचा पंप पूर्ण भाराने चालताना सुमारे दहा अँपिअर प्रवाह घेतो. त्याच्या तारेच्या एखाद्या जोडाचा विरोध केवळ ०.३ ओहम झाला तरी त्या एका ठिकाणी ३० वॅट उष्णता सतत निर्माण होत राहते. रेडिओ दुरुस्त करणाऱ्याच्या हातातील कथील वितळवणारी सोल्डरिंगची सळई साधारण एवढ्याच शक्तीची असते. म्हणजे आपण पंपाच्या तारेत एक पेटती सळई गुंडाळून ठेवली आणि तिच्यावर चिकटपट्टी लावली, असाच त्याचा अर्थ. उष्णतेने गंज वाढतो, गंजाने विरोध वाढतो, विरोधाने उष्णता वाढते. हे दुष्टचक्र एकदा सुरू झाले की ते जळूनच थांबते. ‘मोटार जळाली’ असे आपण म्हणतो तेव्हा अनेकदा मोटारीचा दोष नसतो. एका टोकाचा जोड जळालेला असतो, तीन फेजांपैकी एक तुटलेली असते आणि उरलेल्या दोहोंवर चालण्याच्या धडपडीत मोटारीचे गुंडाळे करपून जातात.

त्यात धातूंचे वैर असते ते वेगळेच. खांबावरून येणारी तार ॲल्युमिनियमची आणि स्टार्टरमधील पट्टी तांब्या-पितळेची. ॲल्युमिनियमवर हवा लागताच एक पातळ, कठीण आणि वीज न वाहू देणारा थर चढतो. शिवाय ओलाव्यात हे दोन धातू एकमेकांना लागले की त्यांच्यात बॅटरीप्रमाणे क्रिया सुरू होऊन ॲल्युमिनियम झिजत जाते. तापल्यावर दोन्ही धातू सारखे फुगत नाहीत, त्यामुळे आवळलेला स्क्रूही काही दिवसांनी सैल पडतो. यासाठी दोन्ही धातूंनी मिळून बनवलेली थिंबले बाजारात मिळतात. तार नुसती पिळून अडकवण्याऐवजी असे थिंबल योग्य साच्यात दाबून बसवले तर दंड आणि तार यांचे धातू एकमेकांत असे घुसतात की त्यांच्यामध्ये हवाही शिरू शकत नाही. यालाच ‘क्रिम्पिंग’ म्हणतात. आपल्याकडचे कारागीर त्याला ‘थिंबल पंच करणे’ म्हणतात. नाव काहीही असो, पिळलेला जोड आणि दाबून बसवलेला जोड यांत जे अंतर आहे ते अंदाज आणि विज्ञान यांच्यातील अंतर आहे.

कठोर परिस्थितीतील जोड

विमान, अग्निबाण, आगगाडी, खाण, पोलाद-कारखाना अशा ठिकाणी तर या साऱ्या शत्रूंचा एकाच वेळी हल्ला होतो. विमान धावपट्टीवर असताना उन्हात तापते आणि काही मिनिटांत उणे पन्नास अंशांच्या हवेत जाते. इंजिनाच्या सततच्या थरथरीने जोडातील पिना काही सहस्रांश मिलिमीटर इतक्या मागेपुढे घासत राहतात, त्यावरील मुलामा झिजतो आणि त्याचीच काळी भुकटी होऊन प्रवाहाच्या वाटेत बसते. म्हणून अशा पिनांवर सोन्याचा अगदी पातळ थर देतात. तो मिरवण्यासाठी नव्हे, तर सोने गंजत नाही म्हणून. जोडाचे दोन भाग नुसते खुपसून भागत नाही. ते आटे फिरवून किंवा खटका बसवून आवळले जातात, मध्ये रबराची कडी बसते, आणि आत धूळ-पाणी शिरणार नाही याची परीक्षा घेतली जाते. ‘आयपी ६७’ असा शिक्का अनेकांनी पाहिला असेल. त्यातील ६ हा आकडा धूळ मुळीच आत जात नाही असे सांगतो, तर ७ हा आकडा एक मीटर पाण्याखाली अर्धा तास ठेवूनही आत हानिकारक पाणी शिरत नाही याची ग्वाही देतो.

या उद्योगाचा इतिहासही उद्बोधक आहे. १९३२ साली शिकागोमध्ये आर्थर श्मिट यांनी रेडिओच्या नळ्या बसवण्याच्या खोबणी बनवण्याचा लहानसा धंदा सुरू केला. बॅकेलाइटच्या जातीच्या फिनॉलिक पदार्थाचे नाव त्यांनी कंपनीला दिले आणि ‘अमेरिकन फिनॉलिक’ची पुढे ‘ॲम्फेनॉल’ झाली. दुसऱ्या महायुद्धात विमानांची संख्या आणि त्यांतील तारांचे जंजाळ वाढले, तेव्हा बिघडलेले यंत्र चटकन काढून दुसरे बसवता यावे यासाठी एकसारख्या मापाचे जोड लागू लागले आणि या धंद्याचे रूप पालटले. आज याच कंपनीचा एक कारखाना पुण्याजवळ भोसरी येथे आहे. खोबणीपासून निघालेला हा व्यवसाय आपल्या दारापर्यंत आलेला आहे, हे ध्यानात घेतले पाहिजे.

अतिप्रगत राष्ट्रांनाही जोडांनी सोडलेले नाही. डिसेंबर २००७ मध्ये अमेरिकेच्या ‘अटलांटिस’ या अवकाशयानाचे उड्डाण पुन्हा पुन्हा लांबले, कारण इंधन संपत आल्याची सूचना देणारी संवेदके चुकीचे वाचन दाखवत होती. संवेदके बदलूनही पूर्वी असा दोष गेला नव्हता. अखेर टाकी प्रत्यक्ष भरून तारांची कसून तपासणी केली तेव्हा दोष टाकीच्या भिंतीतून आरपार जाणाऱ्या एका कनेक्टरमध्ये सापडला. उणे अडीचशे अंशांच्या थंडीत त्याच्या पिना आणि खोबणी यांच्यातील स्पर्श तुटत होता. त्या पिना डाख देऊन कायमच्या सांधल्या आणि ७ फेब्रुवारी २००८ रोजी यान उडाले. आपल्या शास्त्रज्ञांनीही हाच मार्ग धरला. ५ जानेवारी २०१४ रोजी यशस्वी झालेल्या ‘जीएसएलव्ही-डी५’ या उड्डाणापूर्वी संरक्षक आवरणाची रचना बदलली गेली, तारा वाहून नेणारा बोगदा अधिक बळकट केला गेला आणि उड्डाणात आवरण किती हलते हे पाहण्यासाठी त्यावर कॅमेरा रोखण्यात आला. इंजिनाइतकेच लक्ष जोडाच्या बैठकीकडे देण्यात आले. चुकीतून शिकणे म्हणजे काय, याचे हे उत्तम उदाहरण आहे.

शेतातले अवकाशयान

आता आपल्या परिसराकडे वळू. भूम तालुक्यात अवकाशयान नाही, पण कठोर परिस्थिती मात्र भरपूर आहे. उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो. मळणीच्या दिवसांत भुसा आणि माती पेटीच्या प्रत्येक फटीत शिरते. पावसाळ्यात विहिरीच्या काठावरची स्टार्टरची पेटी ओलीचिंब असते. उंदीर तारा कुरतडतात ते निराळेच. या तालुक्याचे अर्थकारण दुधावर आणि खव्यावर उभे आहे. कुंथलगिरीचा पेढा दूरवर नावाजलेला आहे. लाकडाच्या भट्टीशेजारी तासन् तास धुराने डोळे चोळणाऱ्या माणसाची सुटका करणारी विजेची यंत्रे आता खव्याच्या धंद्यात येऊ लागली आहेत, ही समाधानाची गोष्ट होय. परंतु त्या यंत्राची मोटार सतत वाफेत असते, दुधाचे शिंतोडे तिच्या पेटीवर उडतात, दिवसाअखेर सारी जागा पाण्याने धुतली जाते. दूध अंगावर घेतलेली ओली फरशी आणि चिकटपट्टी गुंडाळलेला जोड यांची गाठ पडली की काय होऊ शकते, हे सांगण्याची गरज नाही. राष्ट्रीय गुन्हे नोंदणी विभागाच्या अहवालांनुसार विजेच्या धक्क्याने देशात अलीकडच्या वर्षांत दरसाल दहा हजारांहून अधिक माणसे दगावतात. हे सारेच मृत्यू सदोष जोडांमुळे होतात असे कोणी म्हणणार नाही. पण उघडी तार, ओली पेटी आणि सैल टोक ही त्या यादीतील परिचित नावे आहेत, हे कोणत्याही गावच्या लाइनमनला विचारले तरी कळेल.

सौरपंपांनी तर या प्रश्नाला नवे वळण दिले आहे. ‘पीएम-कुसुम’ आणि २०२४ पासूनची ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ या योजनांमुळे शिवारांत सौरपत्रे उभी राहत आहेत. रात्री-अपरात्री पाणी देण्याच्या जाचातून शेतकऱ्याची सुटका करणाऱ्या या योजनांचे स्वागतच केले पाहिजे. पण त्या पत्र्यांच्या मागील बाजूस काळ्या रंगाचे, बोटाएवढे जे जोड लटकत असतात ते किती जणांनी न्याहाळले आहेत? मूळ एका स्विस कंपनीने रूढ केलेले, ‘एमसी ४’ या नावाने ओळखले जाणारे हे जोड म्हणजे कठोर परिस्थितीसाठी घडवलेल्या कनेक्टरचा अस्सल नमुना आहे. ऊन, पाऊस आणि धूळ यांना ते कित्येक वर्षे तोंड देऊ शकतात, मात्र ते नीट बसवले तरच. त्यांतून काहीशे व्होल्ट दाबाची एकदिश वीज वाहते. घरातील उलटसुलट दिशेची वीज प्रत्येक आवर्तनात क्षणभर शून्यावर येते, त्यामुळे तिची ठिणगी विझण्याची शक्यता असते. एकदिश विजेची ठिणगी तशी विझत नाही. जोड सैल असेल तर तेथे ठिणगीची कमान धरते आणि प्लॅस्टिक वितळून आग लागते. म्हणून या जोडाला त्याच्याच मापाचे दाबयंत्र लागते. साध्या पकडीने दाबून चालत नाही. एका कंपनीचा नर-भाग दुसऱ्या कंपनीच्या मादी-भागात वरवर बसतो, पण मापातील किंचित फरकाने स्पर्श कच्चा राहतो. सूर्य डोक्यावर असताना पंप चालू ठेवून हे जोड ओढून काढणे तर जिवावर बेतणारे आहे. या चार गोष्टी लाभार्थ्याला पंपाबरोबर कोण समजावून सांगतो?

आपल्या पूर्वजांना जोडाचे महत्त्व कळत नव्हते असे नाही. मोट धरण्यापूर्वी नाडा आणि सोंदूर यांच्या गाठी हाताने चाचपून पाहिल्याशिवाय शहाणा शेतकरी बैल जुंपत नसे. गाडी जुंपताना कण्याच्या टोकाची खीळ जागेवर आहे ना, हे पाहिले जाई. गाठ डोळ्यांना दिसत होती, हाताला कळत होती. विजेचा जोड दिसत नाही, त्यामुळे ती सवय मोटेबरोबरच संपली. दृष्टीआड सृष्टी म्हणतात ती ही अशी. म्हणून जिथे डोळा पुरत नाही तिथे मोजमाप आणले पाहिजे.

काम दारात, हात दूर

हा प्रश्न केवळ सुरक्षिततेचा नाही, पोटाचाही आहे. वाशी-भूम परिसरात बालाघाटच्या माथ्यावर पवनचक्क्या उभ्या राहत आहेत. शंभर मीटर उंचीवर वाऱ्याच्या सततच्या हेलकाव्यात काम करणाऱ्या या यंत्रांत जाड-बारीक तारांचे असंख्य जोड असतात आणि त्यांची नियमित तपासणी करावी लागते. तिकडे लातूर १९८२ पर्यंत आपल्याच जिल्ह्याचा भाग होते. तेथील रेल्वे डब्यांच्या कारखान्याची पायाभरणी २०१८ साली झाली आणि २५ डिसेंबर २०२० रोजी तेथे डब्याचा पहिला सांगाडा तयार झाला. ‘वंदे भारत’ जातीच्या शयनयान गाड्यांच्या बांधणीसाठी आता हा कारखाना निवडला गेला आहे. आगगाडीच्या दोन डब्यांच्या मधोमध जे जाड केबलचे जोड लोंबत असतात ते धूळ, पाऊस, हादरे आणि वळणावरचे ताण सोसत सर्व डब्यांना वीज आणि आज्ञा पोचवतात. नाशिकजवळ ओझर येथे हिंदुस्थान एरोनॉटिक्सच्या कारखान्यात मिग आणि सुखोई विमाने बांधली गेली. विमानातील तारांचे गुच्छ बांधणे हे तर अत्यंत निगुतीचे काम. हे सारे उद्योग जोडकाम जाणणाऱ्या हातांचे आहेत.

पण भूमचा तरुण तेथे कोणत्या कामावर जातो? पवनचक्कीवर त्याला राखणदाराचे काम मिळते आणि वर चढणारा तंत्रज्ञ बाहेरून येतो, अशी तक्रार ऐकू येते. कंपन्यांच्या वर्तनाबद्दल बोलण्यासारखे बरेच आहे. परंतु आपल्या बाजूची उणीवही पाहिली पाहिजे. राज्यात जवळजवळ प्रत्येक तालुक्याला औद्योगिक प्रशिक्षण संस्था आहे. तेथे वायरमन आणि इलेक्ट्रिशियन हे दोन वर्षांचे अभ्यासक्रम चालतात. त्यांत ब्रिटानिया जोड, मॅरिड जोड, वेस्टर्न युनियन जोड असे तारेचे प्रकार विद्यार्थ्यांकडून घोटून घेतले जातात. यांतील शेवटच्या जोडाचे नाव अमेरिकेतील एका तारायंत्र कंपनीवरून पडले आहे. खुल्या तारांच्या त्या युगाचे हे शिक्षण निरुपयोगी नाही, कारण त्याने हात वळतो. क्रिम्पिंगचाही अभ्यासक्रमात समावेश आहे. उणीव आहे ती परीक्षेची. केलेला जोड चांगला की वाईट हे निदेशकाच्या नजरेवर ठरते. अवकाश-उद्योगात जोड बसवणारा कामगार पाळीच्या आरंभी आपल्या दाबयंत्राने नमुन्याचे जोड करतो, ते यंत्रात धरून तुटेपर्यंत ओढले जातात आणि ठरलेल्या बळाच्या आत तुटला तर त्या दिवशी ते दाबयंत्र हातात धरता येत नाही. आपल्या विद्यार्थ्याने आपला जोड असा ओढून, कापून, भिंगाखाली पाहिला तर एका आठवड्यात त्याला जे कळेल ते वर्षभराच्या व्याख्यानांनी कळणार नाही.

काय करता येईल

आमची पहिली सूचना अशी की, भूम, वाशी, परंडा या तालुक्यांच्या औद्योगिक प्रशिक्षण संस्थांत जोडकामाचे एक स्वतंत्र मेज असावे. खटक्याची दाबयंत्रे, ताण मोजणारे साधन आणि मिलिव्होल्ट मोजणारा मीटर एवढेच त्यासाठी लागते. जोडाच्या दोन बाजूंमधील व्होल्टेजची घट मोजली की जोडाचा दर्जा आकड्यात कळतो. आकडा समोर असला म्हणजे वाद उरत नाही. हे साहित्य एखाद्या लेथयंत्राच्या किमतीच्या तुलनेत किरकोळ आहे.

दुसरी सूचना, महावितरण आणि सौरपंप योजना राबवणाऱ्या यंत्रणांनी प्रत्येक अंदाजपत्रकात थिंबल, केबल जिथून पेटीत शिरते तेथील ग्लँड आणि पाणी न शिरणारी पेटी यांचा स्पष्ट उल्लेख करावा, आणि बसवल्यानंतर त्यांची तपासणी झाल्याची नोंद ठेवावी. एका थिंबलाची किंमत चहाच्या कपाएवढी असते. ती वाचवण्यासाठी हजारो रुपयांची मोटार जाळणे हा काटकसरीचा नव्हे, दारिद्र्याचा हिशेब आहे. सरकारी कचेऱ्यांत खरेदीची कागदपत्रे सिद्ध करणाऱ्या कारकून-मंडळींनाही येथे मोठी भूमिका आहे. निविदेत नुसते ‘केबल जोडणीसह’ असे दोन शब्द लिहिले की सर्वांत स्वस्त आणि सर्वांत कच्चा जोड आपोआप निवडला जातो. त्याऐवजी जोडाचा प्रकार, त्याचे मानक आणि चाचणी लिहिली तर कंत्राटदाराला पळवाट राहत नाही. एका ओळीने माणूस वाचू शकतो, हे त्या टेबलावर बसणाऱ्याने विसरू नये.

तिसरी सूचना रोजगाराची. यंत्रांना लागणारे तारांचे गुच्छ बांधण्याचे काम अनेक कारखान्यांत प्रामुख्याने स्त्रियांकडे असते, कारण त्याला ताकदीपेक्षा लक्ष, चिकाटी आणि बोटांची सफाई लागते. या उद्योगाला प्रचंड भट्ट्या लागत नाहीत, आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे पाणी लागत नाही. ज्या तालुक्यात उन्हाळ्यात टँकरची वाट पाहावी लागते तेथे पाणी पिणाऱ्या कारखान्यांची स्वप्ने रंगवण्यापेक्षा असा बिनपाण्याचा उद्योग आणणे शहाणपणाचे नाही काय? धाराशिवला ‘आकांक्षित जिल्हा’ म्हणून २०१८ साली निवडले गेले. आकांक्षा कशाची, हे मात्र आपणच ठरवायचे आहे.

यावर दोन आक्षेप घेतले जातील. पहिला असा की, हे कनेक्टर बनवणे परदेशी कंपन्यांच्या हातात आहे, त्यात आपल्याला काय मिळणार? अचूक मापाचे धातुकाम आणि सोन्याचा मुलामा यांसाठी मोठे भांडवल व दीर्घ अनुभव लागतो, हे खरे आहे. भूमला उद्या कनेक्टरचा कारखाना निघेल असे कोणी सांगू लागला तर त्यावर विश्वास ठेवू नये. परंतु कनेक्टर कोठेही बनो, त्यात तार बसवण्याचे काम जिथे यंत्र उभे राहते तिथेच, माणसाच्या हातांनी करावे लागते. तो हात भूमचा असू शकतो. दुसरा आक्षेप असा की, केबलच चोरीला जाते, वीज रात्री येते, पिकाला भाव मिळत नाही, अशा वेळी शेतकऱ्याला थिंबलाचे व्याख्यान कशाला? या तक्रारी खऱ्या आहेत आणि त्यांची तड लागलीच पाहिजे. मात्र ज्या गोष्टी आपल्या हातात नाहीत त्यांच्या नावाखाली, ज्या आहेत त्याही सोडून देणे हा पुरुषार्थ नव्हे. चोरीचा बंदोबस्त पोलिसांनी करावयाचा आहे, भावाचा सरकारने. जोड नीट बसवणे मात्र आज, येथे, आपल्याला शक्य आहे.

शिक्षकांनाही एक विनंती करावीशी वाटते. ओहमचा नियम शिकवताना फळ्यावरील रेषा आणि आकड्यांवर थांबू नये. एक तार नुसती पिळून आणि दुसरी थिंबलात दाबून, दोहोंतून सारखाच प्रवाह सोडावा आणि शिक्षकाच्या देखरेखीखाली, कमी दाबाच्या बॅटरीवर, दोहोंवरील व्होल्टेजची घट विद्यार्थ्यांकडून मोजून घ्यावी. ज्या मुलाच्या घरी पंप आहे तो त्याच संध्याकाळी वडिलांना स्टार्टरच्या पेटीविषयी प्रश्न विचारील. पाठ्यपुस्तकातील विज्ञान घरात शिरण्याची याहून सोपी वाट नाही.

जोडकाम नम्र असते. ते चांगले झाले तर कोणाच्या लक्षात येत नाही आणि बिघडले तरी दोष मोटारीला, इंजिनाला किंवा नशिबाला दिला जातो. म्हणूनच त्याला प्रतिष्ठा देण्याचे काम समाजाला जाणीवपूर्वक करावे लागते. ती सत्कार-समारंभांनी येत नाही. उत्तम हत्यार, काटेकोर चाचणी, केलेल्या कामाखाली करणाऱ्याची सही आणि त्या सहीला साजेसे वेतन, या चार गोष्टींनी ती येते. औद्योगिक प्रशिक्षण संस्थेचे नवे वर्ष सुरू होईल तेव्हा जोडकामाचे ते मेज भूममध्ये मांडलेले असावे, एवढी मागणी तरी येथील पालकांनी, शिक्षकांनी आणि लोकप्रतिनिधींनी एकमुखाने करावी. ती मान्य करण्यास कोणत्याही सरकारला नव्या धोरणाची गरज नाही, फक्त एका आदेशाची आहे.